माझं अडलंय, मी दुसरीकडे जातो

आमच्या मल्टिवर्ल्डच्या चॅटमध्ये थोड्या थोड्या वेळाने कोणी ना कोणी एक वाक्य टाकतंच: ‘मी बीके. दुसऱ्या स्लॉटवर चाललो.’ त्यावर कुणी नुसता अंगठा देतं, कुणी ‘थांब रे, तुझा हुकशॉट माझ्याकडेच असणार’ म्हणून अडवू बघतं, आणि कारखाना उभारायचा गेम खेळणारा फॅक्टोरिओवाला काहीच बोलत नाही, कारण तो त्याच्या कन्व्हेयर बेल्टच्या गुंत्यात मान खाली घालून बसलेला असतो. ज्यांना यातलं काहीच कळलं नाही त्यांच्यासाठी आधी थोडी पूर्वपीठिका. जाणकारांनी दोन परिच्छेद ओलांडून पुढे जावं.

रँडमायझर म्हणजे एखाद्या गेममधल्या वस्तूंच्या जागा आपसात फिरवून टाकणारा प्रोग्रॅम. १९९१ साली आलेल्या ‘अ लिंक टू द पास्ट’ या झेल्डा मालिकेतल्या गेममध्ये ज्या पेटीत धनुष्य असायचं तिथे आता दिवा निघेल, आणि धनुष्य अशा एखाद्या गुहेत असेल जिथे एरवी फक्त चिल्लर मिळायची. ही फिरवाफिरवी आंधळी नसते. ज्या दाराआड धनुष्य ठेवलंय ते दार उघडायला धनुष्यच लागेल, असं होऊन चालत नाही. त्यासाठीची एक युक्ती मला फार आवडते. खेळाडूकडे सगळ्या महत्त्वाच्या वस्तू आहेतच असं धरून सुरुवात करायची. मग त्यातली एक काढून घ्यायची आणि तिच्याविना जिथवर पोचता येतं अशाच एखाद्या जागी ती ठेवायची. मग दुसरी, मग तिसरी. शेवटची वस्तू ठेवून होते तेव्हा खेळाडू रिकाम्या हाताने दारात उभा असतो आणि पुढची वाट मात्र शाबूत असते.

मल्टिवर्ल्डमध्ये हाच पसारा अनेकांच्या गेममध्ये मिळून मांडतात. आर्किपेलगो नावाचा मुक्त-स्रोत प्रकल्प त्यासाठी वापरला जातो. झेल्डाच्या वरच्याच गेमच्या मल्टिवर्ल्डमधून तो वाढला आणि आता त्यात हॉलो नाइट, सबनॉटिका, स्टारड्यू व्हॅली असे डझनावारी गेम आहेत. प्रत्येकाने आपला गेम आणि त्याचे पर्याय लिहिलेली एक यामल फाइल द्यायची, सगळ्या फाइली एकत्र करून सीड, म्हणजे कुठली वस्तू कुठे याची मांडणी, तयार होतो, प्रत्येक फाइलमागे एक स्लॉट. एकाला दोन फाइली देऊन दोन स्लॉटही घेता येतात. मी माझ्या गेममध्ये एखादी जागा तपासली, म्हणजे एक चेक केला, की कुठल्यातरी भलत्याच गेममध्ये भलत्याच माणसाच्या हातात त्याची वस्तू येते. आणि माझी वस्तू दुसऱ्या कुणाकडून येईस्तोवर माझं घोडं अडलेलं. अडलेल्या अवस्थेला बीके म्हणतात. असाच अडकलेला एक गडी गेम सोडून बर्गर किंगला जेवायला गेला, त्या किश्श्यावरून पडलेलं हे नाव.

आता मूळ मुद्दा. सेशनच्या मध्येच गेम बदलणं म्हणजे पळ काढणं, असं मानणारे लोक आहेत. ‘माझा वेळ, माझी मर्जी, तुम्हाला काय करायचंय’ म्हणणारेही आहेत. मला दोन्ही पटत नाही. एकट्याने खेळताना कंटाळून गेम बंद केला तर कुणाच्या बापाचं काही जात नाही. इथे मात्र तुमच्या न उघडलेल्या पेट्यांमध्ये दुसऱ्यांचा माल पडलेला असतो. तो बाहेर काढा आणि मग खुशाल कुठेही जा, हवा तितका वेळ जा. तो आत ठेवून गेलात, तर तिकडे कुणीतरी तुमच्या नावाने बोटं मोडत बसलेलं असतं, आणि बहुतेक वेळा त्याला हेही माहीत नसतं की बोटं नेमकी कुणाच्या नावाने मोडायची.

‘माझ्याकडे काही उरलंच नाही’ या वाक्याची शहानिशा करायला ट्रॅकर पुरतो. ट्रॅकर सांगतो की आत्ता हातात असलेल्या वस्तूंच्या जोरावर कुठले चेक करता येतात. आमच्यातल्या हॉलो नाइटवाल्याचं उदाहरण घ्या. मँटिस क्लॉ मिळालेला नव्हता, म्हणजे भिंतीला धरून वर चढता येत नव्हतं, आणि त्या गेममध्ये अर्धं जग वरच्या अंगाला आहे. तो चॅटवर म्हणाला, ‘झालं, संपलं.’ ट्रॅकरवर मात्र बऱ्यापैकी हिरवे ठिपके, म्हणजे करता येण्याजोगे चेक, शिल्लक होते. दोन क्रॉसरोड्समध्ये. एक ग्रीनपाथमधला, जिथे जाऊन यायला लांबचा फेरा पडतो. आणि बाकीचे स्लायच्या दुकानात. दुकानातल्या वस्तू विकत घ्यायच्या तर जिओ, म्हणजे तिथली नाणी, हवेत, जिओ हवेत तर तेच तेच किडे पुन्हा पुन्हा मारायला हवेत. दुकानाची यादी उघडली की सगळं एका खाली एक दिसतं: वस्तू, किंमत. त्यातल्या एका ओळीत सुपर मेट्रॉइडवाल्याचा ग्रॅव्हिटी सूट होता. तो नसला की मॅरिडिया या भागातल्या पाण्यात त्या गेमची नायिका सॅमस हिचे पाय जड पडतात, उडी अर्ध्यावरच संपते. सुपर मेट्रॉइडवाला तिकडे हातावर हात ठेवून बसलेला, आणि त्याचा सूट इकडे दुकानात किमतीची चिठ्ठी लावून लटकतोय.

हे नेहमीचंच आहे. चेक करण्याचा क्रम आपण गमतीच्या हिशेबाने लावतो. बॉस आधी, नवा प्रदेश आधी, सोपी पेटी वाटेत. शेवटी गाळ उरतो: दुकानं, लांबचे फेरे, मोजून आणून द्यायच्या गोष्टी. नेमकं त्या वेळी माणसाला वाटतं की आपण अडलो. खरं तर त्याला कंटाळा आलेला असतो. कंटाळ्याला माझी ना नाही, पण त्याला बीके म्हणू नये. आणि या गाळाचा स्वतःलाही उपयोग असतो. आर्किपेलगोच्या मूळ सेटिंगमध्ये दर चेकमागे १ पॉइंट मिळतो आणि एका हिंटचा भाव असतो तुमच्या एकूण चेकच्या १० टक्के. सुपर मेट्रॉइडच्या १०० जागा धरल्या तर १० चेक झाले की एक हिंट विकत घेता येते. तुमची अमुक वस्तू कुणाच्या गेममध्ये कुठल्या जागी आहे ते सर्व्हर सांगतो. म्हणजे जाता जाता दुकान रिकामं करून गेलात, तर आपल्याला अडवून धरलेली वस्तू कुणाकडे मागायची तेही कळतं.

मग खरोखर अडायला होतं ते का? सीड तयार होताना ‘प्रोग्रेशन बॅलन्सिंग’ नावाची एक पायरी असते. ० ते ९९ असा आकडा, मूळचा ५०. कुणी एकजण फार मागे पडणार असेल तर त्याच्या कामाच्या वस्तू हे गणित अलीकडे ओढून आणतं. गणित चांगलं आहे, पण ते पोच मोजतं, घड्याळ मोजत नाही. त्याच्या लेखी ‘अ शॉर्ट हाइक’मधलं एक नाणं उचलणं आणि फॅक्टोरिओमधलं एक संशोधन पूर्ण करणं हे दोन्ही एकेक चेकच. पहिल्याला काही सेकंद लागतात. दुसऱ्याला आधी खाण, मग भट्टी, मग बेल्ट, मग सायन्स पॅक, मग प्रयोगशाळा. कागदावर दोघे शेजारी शेजारी चाललेले असतात, प्रत्यक्षात एक डोंगराच्या टोकावर जाऊन बसलेला असतो आणि दुसऱ्याचं तांबं संपलेलं असतं. शिवाय कुणाला झोप येते, कुणाला फोन येतो, कुणी सांगून जातो, कुणी न सांगता. एवढ्या निरनिराळ्या वेगांना एकाच दोरीत ओवलं की कोणी ना कोणी थांबणारच. दुसरा स्लॉट आला तो या थांबण्यातून, आणि म्हणून तो घेणाऱ्याला मी कधी नावं ठेवत नाही.

फक्त स्लॉट बदलणं वाटतं तितकं फुकट नाही. सगळ्यात आधी कळतं ते बोटांना. ‘अ लिंक टू द पास्ट’ आणि ‘सुपर मेट्रॉइड’ हे दोन्ही सुपर निन्टेन्डोचे गेम, पॅड तोच. पहिल्यात बी दाबलं की तलवार चालते आणि ए दाबलं की उचलणं, बोलणं, बूट असतील तर धावणं. दुसऱ्यात मूळ मांडणीप्रमाणे बी म्हणजे धावणं, ए म्हणजे उडी आणि गोळी एक्सवर. सॅमसकडून पहिल्या गेमच्या नायकाकडे, लिंककडे, आलं की पहिला काही वेळ समोर शिपाई येतो आणि आपण त्याच्यापासून उडी मारून सुटू बघतो. लिंकला उडी येत नाही. तो शांतपणे मार खातो. उलट फिरलं की तलवार म्हणून दाबलेल्या बीने सॅमस नुसती तयार उभी राहते आणि किडा येऊन चिकटतो. हॉलो नाइटहून आलेल्याची आणखी वेगळी तऱ्हा. तिथली उडी बोट सोडताक्षणी तुटते, सॅमस मात्र हवेत तरंगत राहते. त्या तरंगण्यात अंदाज चुकतो आणि माणूस कड्यावरून खाली.

बोटं लवकर सावरतात. डोक्याचं तसं नाही. आर्थर जर्सिल्ड या मानसशास्त्रज्ञाने १९२७ सालीच दाखवलं होतं की दोन वेगळ्या प्रकारची कामं आलटून पालटून केली तर तीच कामं सलग करण्यापेक्षा जास्त वेळ जाऊ शकतो. २००९ साली सोफी लरॉय यांनी त्याची पुढची बाजू मांडली: आधीचं काम अर्धवट टाकून नव्याकडे वळलं की लक्षाचा काही भाग मागेच रेंगाळतो आणि नवं काम त्या प्रमाणात बिघडतं. हे संशोधन गेमवरचं नाही हे कबूल, पण सेशनमध्ये ते अक्षरशः दिसतं. स्वॉम्प पॅलेसमधल्या पाण्याची पातळी वाढवून ठेवली होती की नाही, या प्रश्नाने स्टारड्यूमध्ये मासा गळाला लागलेला असताना छळायचं काही कारण नाही. तरी तो छळतो, आणि मासा निसटतो.

लरॉय यांनीच पुढे २०१८ साली थेरेसा ग्लॉम्ब यांच्याबरोबर एक साधा उपाय तपासला. उठण्यापूर्वी मिनिटभर थांबून आपण कुठे आहोत आणि परत आल्यावर पहिल्यांदा काय करायचं ते लिहून ठेवायचं. लक्ष मागे रेंगाळण्याचं प्रमाण त्याने कमी होतं. हा शोधनिबंध माझ्या हाती लागण्यापूर्वीपासून मी हे करतोय असं म्हणायला आवडलं असतं, पण सवय लावली ती सुपर मेट्रॉइडवाल्याने. त्याच्या चिठ्ठ्या आमच्यात प्रसिद्ध आहेत. नमुना (नॉरफेअर हा गेममधला एक प्रदेश, व्हॅरिया हा एक सूट): ‘नॉरफेअर, सेव्ह केलं. खालच्या डावीकडची जागा बघितली, परत जाऊ नको. सुपर मिसाइल ३ आहेत, उधळू नको. व्हॅरिया आला तर सरळ उजवीकडे.’ त्यातला ‘परत जाऊ नको’ हा भाग सोन्याचा. रँडमायझरमध्ये माणूस सगळ्यात जास्त वेळ घालवतो तो आधीच बघितलेल्या जागा पुन्हा बघण्यात. ट्रॅकर केलेले चेक दाखवतो, पण आपण तिथे जाऊन हात हलवत परत आलो होतो हे तो दाखवत नाही.

आणि तरीही गेम बदलून परत येण्यात एक सुख आहे, जे एकट्याच्या खेळात मिळत नाही. तुम्ही नसताना तुमच्या स्लॉटच्या नावाने आलेल्या वस्तू सर्व्हर क्रमाने मांडून ठेवतो. क्लायंट, म्हणजे गेमला सर्व्हरशी जोडणारा प्रोग्रॅम, पुन्हा जोडला की त्याच्याकडे कुठल्या क्रमांकापर्यंतच्या वस्तू पोचल्यात ते बघून पुढच्या सगळ्या ओतल्या जातात. लिंक अशा वेळी फार साजरा दिसतो. जागच्या जागी उभा राहून एकेक वस्तू डोक्यावर धरतो: बॉम्ब, बाण, वीस रुपी (तिथलं चलन), पुन्हा बाण, बाटली, आणि मग मध्येच हातोडा. त्या हातोड्याची आपण सबंध संध्याकाळ वाट बघितलेली असते, आणि तो दोन बाणांच्या मधोमध काही झालंच नाही अशा थाटात येतो. ज्या गेमला आपण पाठ फिरवली तो आपल्या पाठीमागे वाढत होता. कुणीतरी त्याच्या जगात भटकत होतं, त्याला एक पेटी दिसली, त्याने ती उघडली, आणि आपलं अंधारजगातलं, म्हणजे त्या गेमच्या दुसऱ्या जगातलं, अर्धं काम मोकळं झालं. त्याने ते मुद्दाम केलेलं नसतं. पण चॅट मागे सरकवून बघितलं की नाव दिसतं, वेळ दिसते, आणि मग ‘हातोड्याबद्दल धन्यवाद’ म्हणावंच लागतं, भले तो केव्हाच झोपी गेलेला असो.

एक सावधगिरीची गोष्ट यात आहे आणि ती आहे डेथलिंक. हा पर्याय चालू असेल तर एक मेला की जोडलेले सगळे मरतात. दोन स्लॉट घेतलेला माणूस एका गेममध्ये जीव तोडून खेळतो आणि दुसरा गेम जोडलेल्या अवस्थेतच मागच्या खिडकीत उघडा ठेवतो. तिकडचं पात्र बिचारं गवतात निवांत उभं असतं. इकडे हा खड्ड्यात पडतो, तिकडे ते कोसळतं. पुन्हा पडतो, पुन्हा कोसळतं. परत जाऊन बघावं तर ते कुठल्या कुठे, शेवटच्या सेव्हपाशी, खिसे रिकामे. सोडून जाताय तो क्लायंट बंद करून जा. वस्तू कुठे पळून जात नाहीत.

दुसरा स्लॉट कुठला घ्यावा यावर आमच्यात जितका वाद झालाय तितका खेळ झाला नसेल. माझं मत पक्कं आहे: पहिल्याच्या स्वभावाच्या उलटा घ्यावा. पहिला गेम बोटांचा असेल तर दुसरा डोक्याचा, ‘द विटनेस’सारखा, जिथे कोडं मनात धरून तुम्ही तासभर दुसरीकडे जाऊन आलात तरी ते कोडं आणि तुम्ही, दोघेही तिथेच असता. फॅक्टोरिओ हा तर जोडीला मुद्दाम बनवलाय असं वाटतं. चालू ठेवलं की तुमचं लक्ष असो वा नसो, प्रयोगशाळा चालू राहतात, संशोधन पूर्ण झालं की चेक निघून जातो आणि कुणाला तरी काहीतरी मिळतं. गेम बदलूनही तुम्ही उपयोगी पडत राहता. अर्थात किड्यांच्या झुंडी येऊन भिंत पोखरतायत का, हे मधूनमधून बघावं लागतं. स्टारड्यू व्हॅली दिसते गोड, पण जोडीला जिवावर येते. ऋतू रँडमाइझ केले असतील तर ऋतू हीसुद्धा वस्तूच, ती कुणाच्या तरी पेटीतून यावी लागते. उन्हाळाच आलेला नाही म्हणून मासा नाही, पीक नाही, आणि एकेक दिवस ढकलत राहायचं. एका अडलेल्या गेममधून उठून दुसऱ्या तुंबलेल्या गेममध्ये जाण्यात काय हशील?

दोनाहून जास्त स्लॉट घेणारेही आहेत. चार, पाच, कुणी दहा. एक ना धड, भाराभर चिंध्या. एवढे क्लायंट उघडे ठेवून बसलेला माणूस खेळताना मी बघितलाय. तो खेळत नव्हता, हजेरी घेत होता. या खिडकीत काही आलं का, त्या खिडकीत काही आलं का. वस्तू आली की आनंद व्हायला एक क्षण तरी तिच्याजवळ थांबावं लागतं. त्याच्याकडे तो क्षण नव्हता.

गेमची अदलाबदल हाच खेळ, असंही करून ठेवलेलं आहे लोकांनी, आणि तिथे माझी तक्रार विरघळते. सुपर मेट्रॉइड आणि अ लिंक टू द पास्ट यांना एकत्र शिवलेला एक रँडमायझर आहे, त्याला एसएमझेड-थ्री म्हणतात. त्यात लिंक एका दारातून आत जातो आणि पलीकडे परग्रहावर सॅमस बाहेर येते. दोघांच्या वस्तू दोन्ही जगांत मिसळलेल्या, आणि जिंकायचं तर दोन्ही गेमच्या शेवटच्या शत्रूंना, गॅननलाही आणि मदर ब्रेनलाही, हरवायचं. तिथे गेम बदलणं म्हणजे फक्त दार ओलांडणं. बिझहॉक या एम्युलेटरसाठी, म्हणजे जुने गेम संगणकावर चालवणाऱ्या प्रोग्रॅमसाठी, शफलर आहेत, ते तर तुम्हाला विचारतही नाहीत. कधीही, उडीच्या मध्यावर, समोरचा गेम गायब आणि दुसरा हजर. तो प्रकार बघायला मजेदार आहे. मनगटाला झेपत नाही.

आता अवघड भाग. स्लॉट बदलणं वेगळं आणि गेमच बदलून मागणं वेगळं. दर काही सेशनमागे एखादा म्हणतो, ‘मला हा गेम आवडेना, याच्या जागी दुसरा टाकता येईल का?’ येत नाही. सीड तयार होतानाच कुठल्या जागी कुणाची कुठली वस्तू हे सगळं एकदाच ठरतं आणि ती मांडणी घेऊनच सर्व्हर उभा राहतो. एक गेम काढून दुसरा घालायचा तर त्याच्या जागा वेगळ्या, वस्तू वेगळ्या, लॉजिक वेगळं. मग सगळ्यांचाच सीड नव्याने करावा लागेल आणि सगळ्यांचीच मेहनत पाण्यात. मधला मार्ग म्हणजे रिलीज. त्या स्लॉटमध्ये अजून न सापडलेलं जे काही आहे ते एका झटक्यात ज्याचं त्याला पाठवून द्यायचं. सहसा हे गेम पूर्ण केल्यावर करतात, पण होस्टने, म्हणजे सेशन चालवणाऱ्याने, मनात आणलं तर कुणाचाही स्लॉट कधीही रिलीज करता येतो.

कागदावर हे न्याय्य वाटतं. कुणाचा माल अडकत नाही, सोडणारा सुटतो. पण ज्यांनी असं रिलीज अंगावर झेललंय त्यांना विचारा. आपण एका किल्लीसाठी तीन जगं पालथी घालत असतो, कुठे असेल याचे आडाखे बांधत असतो, आणि अचानक किल्ली, सूट, पंख, तलवार, सगळं एकाच वेळी अंगावर. चॅट वर धावत सुटतं, वाचताही येत नाही. पुढची सगळी दारं उघडी. कुणी म्हणेल, मग तक्रार कसली, पुढे जा की! पुढे जाण्यात आता शोधायचं काही उरलेलं नसतं, नुसतं गोळा करायचं उरतं. आमच्या होस्टचं म्हणणं मला पटतं: सोडायचंच असेल तर आधी चॅटवर विचार, कुणी तुझा स्लॉट चालवायला तयार आहे का. आर्किपेलगोला खुर्चीत कोण बसलंय याच्याशी देणंघेणं नाही. सेव्ह फाइल दिली, स्लॉटचं नाव दिलं, झालं. एकदा ट्यूनिकचा अर्धवट स्लॉट असा हातोहात फिरला. ज्याने तो सोडला त्याला त्यातली अनोळखी लिपी आणि आडवळणं डोक्यावरून जात होती, ज्याने घेतला त्याला तो गेम पाठ होता. सोडणाऱ्याने बदल्यात दुसऱ्याचा ‘अ शॉर्ट हाइक’ उचलला आणि निवांत डोंगर चढत बसला. दोघांनी गेम बदलले आणि सीडला पत्ताही लागला नाही. रिलीजचं बटण हाताशी असताना ही उसाभर करायला माणसं तयार व्हावी लागतात, ती दर वेळी होतातच असं नाही.

दिवसेंदिवस चालणाऱ्या सेशनमध्ये, ज्यात प्रत्येक जण आपापल्या सवडीने येतो, बदलायला दुसरा स्लॉट नसला तरी हात रिकामे राहत नाहीत. अडलेल्यांसाठी सुडोकूचा एक क्लायंट आहे. तो तुमच्याच स्लॉटला जोडायचा, कोडं सोडवायचं, की बक्षीस म्हणून हिंट मिळते. स्वतःची वस्तू आणता येत नाही, निदान ती कुठे आहे ते तरी कळतं. एकजण त्या नादाला असा लागला की त्याची वस्तू येऊन पडली तरी तो सुडोकूच सोडवत होता. आम्ही नाव घेऊन हाका मारल्या. ‘हे एवढं संपवतो आणि येतो,’ म्हणाला.

पुढच्या सेशनच्या यामल फाइली सध्या जमा होतायत. मी सुपर मेट्रॉइड आणि द विटनेस दिलेत. हॉलो नाइटवाल्याने दुकानांतले चेक कमी करून मागितलेत, होस्टने ते मान्य केलेलं नाही. फॅक्टोरिओवाल्याला सगळ्यांनी मिळून सांगितलं की तू अडलास की नुसता बसून राहतोस, या खेपेला दुसरा स्लॉट घेच. त्याने लगेच दुसरी फाइल पाठवली. तीही फॅक्टोरिओचीच आहे.